उत्तरेची उशी

तोकुजी ओनुकीला कोर्टात एकाच प्रश्नाचा जबाब द्यायचा होता. त्याची पुढची वर्षं त्या जबाबावर ठरणार होती. आजारी माणसांची डोकी शेगडीपासून काढून तू दाराकडे का करत होतास?

तो डोंगरातल्या एका शाळेचा शिपाई. केर काढायचा, घंटा द्यायची, हिवाळ्यात छपरावरचा बर्फ ओढायचा, यात त्याचं आयुष्य गेलं. युद्ध लांबलं तशी मुलं दुसरीकडे हलवली आणि शाळेत परदेशी माणसं कोंडली. पाद्री, व्यापारी, मास्तर. लढाई सुरू झाली तेव्हा ते जपानात होते, एवढंच. इमारतीबरोबर शिपाईही छावणीकडे गेला. त्याला कोणी विचारलं नाही. त्यानंही कोणाला विचारलं नाही.

त्याच हिवाळ्यात मुलाचं जहाज बुडालं. घरी पांढऱ्या फडक्यात बांधलेली अस्थींची पेटी आली. आत काही नव्हतं. बायको सेत्सु म्हणाली, "उत्तरेला उशी करायलासुद्धा काही आलं नाही हो."

मेलेल्याचं डोकं उत्तरेला. जिवंत माणूस तसा निजत नाही. आई गेली तेव्हा तिची उशी त्यानंच फिरवली होती.

आजाऱ्यांना शिवणाच्या वर्गात ठेवलं होतं. खोली बोळासारखी अरुंद, गाद्या लांबीलाच मावत. धुराडं उत्तरेच्या भिंतीत, म्हणून शेगडीही तिथंच; दार समोर दक्षिणेला. परदेश्यांनी साहजिकच डोकी उबेकडे केली. सकाळी केर काढायला आलेला तोकुजी दारातच थबकला. सगळी ओळीनं प्रेतासारखी निजली होती. न बोलता त्यानं एकेकाची गादी धरून फिरवली. दुसऱ्या दिवशी डोकी पुन्हा उत्तरेला. त्यानं पुन्हा फिरवली. मग ते रोजचंच झालं.

त्यांच्यात हेंद्रिक नावाचा डच पियानो-मास्तर होता. जपानी तो घरमालकिणीकडून शिकलेला, त्यामुळे थेट बायकांसारखा बोले. "मी बाई दमले हो, तोकुजीसान," तो म्हणे, आणि पहारेकरी तोंड फिरवून हसत. तोकुजी त्याला वहिनीच म्हणे.

"वहिनी, आज मुळ्याचं पाणी."

"कालही तेच होतं की. तुमच्या स्वयंपाकिणीला चार दिवस माहेरी धाडा."

खोकला छातीत उतरला तेव्हा हेंद्रिकची थट्टा संपली. गादी फिरवून होताच त्यानं तोकुजीचं मनगट धरलं.

"पाय उबेला आणि डोकं वाऱ्यात. मी काय वाईट केलं हो तुमचं?"

तोकुजीला कारण ठाऊक होतं. पण आजाऱ्याच्या उशाशी ते बोलणं म्हणजे मरणाला नावानं हाक मारणं.

"इकडंच बरं आहे, वहिनी," तो म्हणाला. मग अंगातला कापसाचा कोट काढून त्यानं दाराखालच्या फटीत कोंबला.

हेंद्रिक त्याच दिवशी दुपारी गेला. तोकुजीनं त्याची गादी शेवटची फिरवली. डोकं शेगडीपाशी आलं. त्यानं हात जोडले. पलीकडच्या गादीवर कॅनडाचा पाद्री उठून बसला होता. तो बघत होता.

युद्ध संपलं, जिंकलेल्यांचं कोर्ट बसलं, तेव्हा तोच पाद्री साक्षीला आला. जिवंतपणी ऊब मिळू दिली नाही, मेल्यावर शेगडीपाशी नेऊन ठेवला आणि वर नमस्कार केला, असं त्यानं सांगितलं. त्यात खोटं काही नव्हतं. कोटाचा विषय निघाला नाही.

तोकुजी म्हणाला, "ती दिशा चांगली नव्हती." दुभाष्या अमेरिकेत जन्मलेला जपानी. भाषा चोख होती, पण घरात कोणाची उशी फिरवलेली त्यानं पाहिली नसावी. खोलीची मांडणी सोयीची नव्हती, असं त्यानं कोर्टाला सांगितलं.

मग हे त्यांना सांगितलं का नाहीस, असं विचारलं गेलं. तोकुजीनं उलट विचारलं,

"आजारी माणसाला कसं सांगायचं?"

दुभाष्यानं सांगितलं, आरोपी म्हणतो की त्याला सांगता आलं नाही. मयताला जपानी येत होतं, याची फिर्यादीच्या वकिलानं आठवण करून दिली. तोकुजीला सक्तमजुरी झाली.

तुरुंगात नियम होता. झोपताना डोकं दाराकडे, पहारेकऱ्याला तोंड दिसलं पाहिजे. कोठडीत आल्यावर तोकुजीनं समोरच्या खिडकीतलं ऊन पाहिलं आणि दिशा ओळखल्या. दार उत्तरेला होतं. त्यानं उशी खिडकीखाली ठेवली.

पहारेकरी आत आला. उशी उचलून त्यानं दाराकडे ठेवली आणि निघून गेला. तो रागावला नव्हता. रोजचं काम करावं तसं त्यानं ते केलं.

तोकुजी आडवा झाला. दाराखालून वारा येत होता.