चिंधाचं नाव पाखराला

पिंप्राळ्यात ‘सी. डी. इलेक्ट्रिकल्स’ नावाच्या दुकानात जळालेल्या मोटारींत नवी तार भरून मिळते. सी. डी. म्हणजे काय, ते बोर्डावर लिहिलेलं नाही. पूर्वी पोरं येऊन विचारायची, ‘काका, नव्या पिक्चरची सीडी आहे का?’ चिंधा दामू पाटील हातातला पाना दाखवून त्यांना पिटाळायचा. पण खरं नाव बोर्डावर? छट! शाळेत हजेरीला मास्तर ‘चिंधा’ म्हणाले, की मागच्या बाकावरून कोणीतरी तोंडाने कापड फाडल्याचा आवाज काढायचं. लग्न ठरताना सासरा म्हणाला, ‘पोरगा कामाचा आहे, नाव तेवढं झाका.’ पत्रिकेवर सी. डी. पाटील छापलं आणि तेव्हापासून तो सी. डी.च झाला. हसणारे हसोत. ज्यांना बारशालाच गोड नाव मिळालं, त्यांनी दुसऱ्याच्या नावावर शहाणपण शिकवू नये.

त्या शनिवारी दुपारी त्याची पोरगी मयुरी शिरपूरहून आली. तिथल्या कॉलेजात ती एम.एस्सी. करते. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांत दिवस मावळला की ती पांढरा पडदा टांगते, मोठा दिवा पेटवते आणि दिव्यावर झेपावणारी पाखरं, म्हणजे पतंग, मोजत बसते. तिच्या आईला हे वेड वाटतं. चिंधाला वेड वाटतं, पण अभिमानही वाटतो. तो बोलून दाखवत नाही.

आल्या आल्या तिने मोबाइल त्याच्या नाकासमोर धरला. फोटोत सालईच्या खोडाला मळकट फडक्याचा तुकडा चिकटलेला होता, कडा उसवलेल्या.

‘कुठली घाण आहे ही?’

‘पतंग आहे, नाना. पक्ष्यांनाही घाणच वाटतो, म्हणून चोच लावत नाहीत. सरांनी सगळीकडे ताडून बघितलं, याला अजून कोणी नावच ठेवलेलं नाही. मला सापडला म्हणून सर म्हणाले, नाव तू सुचव. सोमवारी कळवायचंय. मी तुमचं देतेय.’

‘सी. डी.?’

‘चिंधा.’

शेजारच्या गॅरेजमधून हसनैन कार्बोरेटर पुसत डोकावला. त्याचे कान नेहमी याच दुकानात. ‘वा, सीडीभाई! अब तो उडोगे आप!’

चिंधाने पक्कड बाकावर आपटली. ‘तू तुझं बघ रे! आणि तू गं, जन्मभर झाकलं ते आता जगाला दाखवणार? शोधून शोधून काय सापडलं माझ्या नावाला, तर हे फडकं!’

‘तसा दिसतो म्हणून नाही देत. माझ्या दिव्याचा चोक जळाला होता, तो तुम्ही भरून दिलात. त्याच उजेडात हा आला.’

‘मग दिव्याला दे नाव!’

‘तुम्ही नाही म्हणालात तर नाही देणार,’ मयुरी शांतपणे म्हणाली. ‘पण नाही का, ते सांगा.’

त्याने एका मोटारीत तार भरायला घेतली, वेढे चुकले, उकलून परत भरली, परत चुकले. चहा मागवला, तसाच निवू दिला. रस्त्यावर जाऊन आला. राग तर डोक्यापर्यंत चढलेला, पण काढायचा कोणावर? पोरीवर नाही. मग जिने हे नाव ठेवलं, तिच्यावरच. त्याने शटर ओढलं.

‘बस मागे. भडगावला जायचं.’

एरंडोलवरून गाडी दामटताना तो वाऱ्याशी भांडत होता. दोन्ही बाजूंनी कपाशी मागे पळत होती. मागे बसलेल्या मयुरीला अधूनमधून एखादाच शब्द ऐकू येई, ‘...फडकं म्हणे...’

भडगावला त्याची आई भिकुबाई ओट्यावर तूर पाखडत होती. चपलांसकट तो तिच्यापुढे उभा राहिला.

‘माय, दुसरं नाव सुचलं नाही का गं तुला?’

म्हातारीने सूप खाली ठेवलं. घरात सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट ती. चिंधाच्या आधीची तिघं रांगायच्या आतच गेली होती. म्हणून चौथ्या वेळी तिने पाच घरी पदर पसरून जुनी धडुती मागितली, त्यांचं अंगडं शिवून बाळाला घातलं आणि नाव ठेवलं चिंधा. फाटक्यातुटक्याकडे मरण ढुंकून बघत नाही, ही तिकडची रीत. चिंधाला ही गोष्ट पाठ होती आणि दर वेळी ऐकून त्याचं डोकं फिरायचं. तिघं गेली ती तापाने आणि दवाखाना लांब होता म्हणून. नावाचा काय संबंध?

‘सुचनं नही?’ भिकुबाई म्हणाली. ‘तीन चांगला नावं ठेयेल व्हतात मी. त्यास्ले.’

हे मात्र त्याने कधी ऐकलं नव्हतं. त्या तिघांना नावंही होती, हे त्याच्या मनातच आलं नव्हतं.

‘कोणती?’

तिने मान हलवली. ‘ती नही सांगाऊ. एकबी टिकनं नही.’

चिंधा ओट्याच्या कडेला टेकला. मयुरीने आजीपुढे फोटो धरला. ‘आजी, बघ. पाखरू सापडलंय मला. नाव ठेवायचंय त्याचं.’

भिकुबाईने मोबाइल दोन्ही हातांत धरून डोळ्यांजवळ नेला. ‘किती दिन जगस हाई?’

‘आठवडाभर. फार तर.’

‘इतलंच?’ म्हातारीचा चेहरा उतरला. ‘मंग चांगलं नाव नको ठेवू, माय. फाटकंच ठेव. जगू दे त्याले.’

ती थट्टा करत नव्हती. मयुरीने बापाकडे बघितलं. चिंधा उठला, दारापर्यंत गेला, परत आला, पुन्हा गेला. नावाने कोणी जगत नसतं, हे वाक्य त्याच्या जिभेवर आलं होतं. पण तिच्या चार लेकरांतलं जगलेलं ते एकच दारात उभं होतं. त्याने हे सांगायचं कोणत्या तोंडाने?

‘लिही,’ तो पाठमोराच मयुरीवर खेकसला. ‘सी. डी.बीडी काही नको. चिंधा लिही.’