चांदीपच्या नाक्यावरची पिवळी राजकन्या

माझ्या मुलीचा चेहरा इंटरनेटवर नाही. म्हणजे गेल्या महिन्यापर्यंत नव्हता.

ओवी जन्मली तेव्हाच मी आणि बायकोने, स्नेहाने, ठरवलं: पोरीचा फोटो टाकायचा तर तोंडावर पिवळी स्मायली चिकटवूनच. मोठी झाली की तिचं ती बघेल. यावर मी नातेवाइकांना इतकी भाषणं दिली, की माणिकपूरच्या आमच्या फ्लॅटवर लोक यायचेच कमी झाले. (त्याचं दुःख नव्हतं.)

पहिल्या वाढदिवसाला आम्ही गावी, चांदीपला गेलो. रिक्षा नाक्यावर वळली आणि माझं डोकंच फिरलं. दहा फुटी फ्लेक्स! वर 'राजकन्या ओवी', मध्ये फ्रॉक घातलेली स्मायली, खाली शुभेच्छुक म्हणून गावातले चौदा पुरुष, गॉगलसकट. त्याखाली माझा मोबाइल नंबर आणि माणिकपूरचा पूर्ण पत्ता.

माझा थोरला भाऊ नंदूदादा शेजारीच उभा होता, शाबासकीची वाट बघत.

"दादा, कोणाला विचारून लावलास हा?"

"विचारायचं काय? पुतनी हाय माझी. तूच स्टेटसला ठेवलेला फोटो. तू तोंड झाकलंस, मी पन झाकलेलंच ठेवलं. तुझा शब्द मोडला का मी?"

"आणि पत्ता?"

"ज्यांना आज जमनार नाय, ते तिकडं येतील ना."

तेवढ्यात शेजारच्या काकू आल्या. "कावीळ उतरली का रे पोरीची?"

मग मात्र मी पेटलो. ओवीला कडेवर घेऊन, दुसऱ्या हाताने फ्लेक्सची दोरी उपटत असा काही ओरडलो, की दुकानांतली गिऱ्हाइकं बाहेर आली. "हिचा चेहरा हिचा आहे! गावाचा नाही, दादाचा नाही, माझासुद्धा नाही!" ओवी टाळ्या वाजवत होती.

फ्लेक्स उतरवूनच घरी गेलो. जेवायला बसतो तोच स्नेहाने मोबाइल माझ्या ताटाशी ठेवला. नाक्यावर कोणीतरी सगळं शूट केलं होतं. ओवी जवळून, स्वच्छ उजेडात, खुदुखुदू हसणारी. तालुक्यातल्या एकूण एक ग्रुपवर ती पोचली होती.

"वर्षभर जपलं रे आपण," स्नेहा म्हणाली. मला नंदूदादाचा आला नव्हता इतका स्वतःचा राग आला.

व्हिडिओखाली कोणीतरी लिहिलं होतं, 'पोरगी गोड आहे. बापाचं तोंड झाका.'

त्याला पहिला लाइक स्नेहाचा होता.