तिसऱ्या वर्षाची शतावरी

अमरावतीच्या बाहेर, बडनेऱ्याच्या वाटेवर एका कापूसवाल्या साहेबाचा बंगला होता. माझा नवरा तिथे माळी होता. लग्न झाल्यावर मीही बागेच्या कडेच्या खोपीत राहायला आले. हे सगळं मी सांगते आहे आणि माझी भाची लिहून घेते आहे. ती शाळेत शिकलेली, माझं बोलणं सरळ करून लिहिते. मी तिला म्हटलं, माझं कर तुला हवं तसं, पण बाकीची माणसं जशी बोलली तशीच राहू दे.

ती वर्षं कापसाची होती. कुठल्याशा दूरच्या मुलखात लढाई जुंपली होती, म्हणून विलायतेला आमच्या वऱ्हाडातला कापूस हवा होता. लोकांनी ज्वारीच्या वावरांतही कापूस पेरला. माझ्या दिरानं तर गुरांच्या चाऱ्यापुरतीही जमीन ठेवली नाही. बंगल्यापुढच्या रस्त्यानं दिवसभर गाड्या जायच्या आणि दोन्ही बाजूंच्या बाभळींना कापसाचे पुंजके अडकून राहायचे.

साहेब घरी क्वचितच असे. आज अकोला, उद्या खामगाव, परवा कारंजा. बंगल्यात मडम एकटी. वयानं माझ्याएवढीच असावी. उन्हानं तिचा चेहरा सदा लाल झालेला. दिवेलागणीला आम्ही दोघं हौदाच्या काठावर भाकर खायला बसायचो, तेव्हा समोरच्या खिडकीतून ती दिसायची. लांबलचक टेबल, त्याच्या एका टोकाला दिवा आणि दिव्याजवळ ती. खानसामा ताट ठेवून मागे सरायचा. ती दोन घास खायची आणि खिडकीबाहेर बघत बसायची.

"बिचारी," मी म्हणायची.

"बिचारी कायची? एवढी मोठी कोठी हाय," नवरा म्हणायचा. पण तोही तिकडे बघत असायचा.

एके दिवशी मडम एक पत्र्याची डबी घेऊन बागेत आली. आत काळं बारीक बी होतं. ती तुटक हिंदुस्थानी बोलायची, उरलेलं हातांनी सांगायची. तिच्या माहेरी ही भाजी होती, तिचे वडील स्वतः लावायचे, एवढं आम्हाला कळलं. मग तिनं कागदावर रोपाचं चित्र काढून दाखवलं.

"हे त शतावरी होय, मडम," नवरा म्हणाला. "मेळघाटात लय हाय. बाळंतिणीले देतात मुळ्या."

"जंगली नहीं," ती म्हणाली. "खाने का. ये ऊपर का." तिनं चित्रातल्या कोंबांवर बोट ठेवलं आणि मग तीन बोटं दाखवली. "तीन साल."

त्या संध्याकाळी भाकर खाताना तो एकटाच हसत होता. "तीन वर्सं! अवो, कापूस सहा महिन्यात हाती येते, अन् हे बाई तीन वर्सं वाट पाह्यनार. मले आवडलं बाप्पा."

त्यानं विहिरीजवळ कमरेएवढा खोल चर खणला. काळी माती पाणी धरून ठेवते, मुळं कुजतील म्हणून ती उपसून टाकली आणि पेढी नदीची वाळू गाडीनं आणून शेणखतात कालवून भरली. दीर एकदा येऊन बघून गेला. सगळी दुनिया कापूस पेरते आहे आणि हा वाळू पेरतो आहे, असं तो गावात सांगत सुटला. घरी ये, वावरात हात लाव, असंही त्यानं नवऱ्याला दोनदा बजावलं. नवरा हो म्हणायचा आणि जायचा नाही.

पहिल्या वर्षी वाफ्यात केसांसारखं हिरवं काहीतरी आलं. दुसऱ्या वर्षी ते कमरेला लागलं. वाऱ्यानं हलायचं तेव्हा धूर हलल्यासारखं दिसायचं. खाण्यासारखं त्यात काहीच नव्हतं. मडम रोज येऊन उभी राहायची. नवरा तिच्या बाजूला उभा राहायचा. दोघं नुसती बघत राहायची.

त्या उन्हाळ्यात पटकीची साथ आली. कापसाच्या गाड्यांबरोबर आली असं लोक म्हणत. सकाळी नवरा मोट हाकायला गेला तो पोट धरून परत आला. दुपारपर्यंत त्याचे डोळे खोल गेले, आवाज गेला. खानसाम्यानं लांबूनच ओरडून मडमेला अडवलं, पण ती खोपीत वाकून शिरली. तिनं कसलंसं औषध चमच्यानं त्याच्या तोंडात घातलं, ते उलटून पडलं. मग ती खाली जमिनीवर बसली आणि तिनं त्याचे पाय चोळायला घेतले. मी डोकं मांडीवर घेतलं होतं.

"पानी," तो म्हणाला.

मी तांब्या तोंडाला लावला. त्यानं मान फिरवली.

"मले नाई. वाफ्याले. आज राह्यलं."

ऊन उतरायच्या आत तो गेला. आम्हाला मूलबाळ नव्हतं. खोपीत मी आणि त्याचं फावडं उरलं.

तेरावा झाल्यावर दीर मला न्यायला आला. बाहेर उभा राहूनच बोलला.

"चाल घरी. पाट लावून घेऊ. मायी बायको काई म्हननार नाई. अठी एकटी काय करशीन?"

"पाणी द्यायचं असतं," मी म्हटलं.

"कोनाले?"

"वाफ्याला."

त्यानं माझ्याकडे असं बघितलं, जणू मला वेड लागलं असावं. "फिरंग्याच्या दारात राह्यशीन त तुह्या हातचं पानी कोनी घेनार नाई."

"नका घेऊ, भाऊजी."

तो रागानं निघून गेला. मी पाण्याला गेले. मला धीट म्हणायचं कारण नाही. मला फक्त त्या जागेवरून हलवत नव्हतं. तो ज्या मोटेवर बसायचा, ज्या दांडातून पाणी सोडायचा, ते सोडून कुठं जायचं हेच सुचत नव्हतं.

मडमेनं मला त्याच्या जागी ठेवलं. कधी कधी तीही पदर खोचल्यासारखा झगा खोचून दांड फोडायला यायची. आम्हाला एकमेकींची भाषा येत नव्हती. ती तिच्या भाषेत बोलायची, मी माझ्या. ती काय सांगायची ते मला आजही माहीत नाही. पण एकदा बोलता बोलता तिनं बंगल्याकडे बोट दाखवलं, मग माझ्या खोपीकडे दाखवलं आणि मान हलवली. ते मला समजलं.

तिसऱ्या वर्षी, माघ महिन्यात, ती सकाळीच ओरडत माझ्याकडे धावत आली. वाफ्यातून अंगठ्याएवढे जाड कोंब वर आले होते. हिरवे, टोकाला जांभळट, साळूच्या काट्यांसारखे ताठ. ती मातीत गुडघ्यांवर बसली आणि सुरीनं एकेक कोंब जमिनीलगत कापून माझ्या ओच्यात टाकू लागली. त्या दिवशी साहेब येणार होता. संध्याकाळी अकोल्याहून माणूस सांगत आला की साहेबाला वेळ लागेल, येणं होत नाही.

मडम थोडा वेळ पायरीवर बसली. मग उठली, खानसाम्याला सुट्टी दिली आणि स्वतः चुलीपुढं आली. मला म्हणाली, "आग."

मी आधी पऱ्हाट्या लावल्या. कापसाच्या झाडाच्या त्या काड्या भडकतात छान, पण निखारा धरत नाहीत. म्हणून वर बाभळीचं लाकूड ठेवून फुलवलं. तिनं कल्हईची पसरट थाळी घेतली, तळाला लोणी फासलं, कोंब एकाशेजारी एक आडवे मांडले. मीठ, मिऱ्याची भरड. झाकण ठेवून थाळी निखाऱ्यांवर, आणि झाकणावरही निखारे. कोंब मऊ झाल्याचा वास आला तेव्हा झाकण उचलून तिनं त्यावर अंडं फोडलं आणि पुन्हा झाकलं. पांढरं बांधलं, पिवळं अजून हलत होतं, तेवढ्यात खाली उतरवलं. एका माणसाचंच होतं ते. तिनं त्याचे दोन भाग केले, दोन बशांत घातले आणि मला खाली बसायला सांगितलं. ती स्वतःही चुलीजवळ जमिनीवर बसली.

मी एक घास तोंडात घेतला. तो गिळता येईना. दोन वर्षं ज्यानं वाट बघितली तो माणूस नव्हता आणि मी त्याची भाजी खायला बसले होते.

"त्यानं पाहिलं नाही," मी म्हटलं आणि उठून बाहेर गेले.

ती माझ्यामागे आली नाही. बऱ्याच वेळानं मी परत गेले तेव्हा ती तशीच बसलेली होती. तिची बशी रिकामी होती. माझी झाकून ठेवलेली होती.

पुढं काय झालं ते वऱ्हाडात सगळ्यांना माहीत आहे. दूरची लढाई संपली आणि कापसाला कोणी विचारेनासं झालं. गाड्या रस्त्यातच उभ्या राहू लागल्या. साहेब परत आला तो राखेसारखा चेहरा घेऊन. पंधरवड्यात सामान बांधून झालं. जायच्या दिवशी मडम मला वाफ्याजवळ घेऊन गेली. कोंब कुठून कापायचे, कोणते सोडायचे, ते तिनं पुन्हा दाखवलं. "हर साल," ती म्हणाली. मग तिनं मला मिठी मारली. आमच्यात असं कोणी करत नाही. मी हात लोंबकळत ठेवून उभी राहिले, आणि गाडी फाटकाबाहेर गेल्यावर मला वाटलं की आपणही तिला धरायला हवं होतं. तिची पुढं काही खबर कळली नाही.

बंगल्याला कुलूप लागलं. एक म्हातारा चौकीदार राहिला आणि मी राहिले. बागेत जे पिकत होतं त्यावर मी दिवस काढत होते. वाफ्यात कोंब अजून येतच होते. मी ते कापत नव्हते, ते वाढून पिसारा व्हायचे.

एका संध्याकाळी घरात पीठ थोडं होतं, भाजी काहीच नव्हती. मडमेची एक कोंबडी मागे राहिली होती, तिनं अंडं घातलं होतं. मी चार-पाच कोंब कापून आणले. थाळी नव्हती. मातीच्या पसरट परळात लोणी घातलं, कोंब मांडले, मीठ टाकलं. मिरे कुठून असणार, लाल तिखट भुरभुरलं. वर दुसरं परळ पालथं घालून त्यावर निखारे ठेवले. वास आल्यावर अंडं फोडून घातलं. एकीपुरतं. स्वयंपाक करताना माझा हात सवयीनं दोन भाकरींचं पीठ घेत होता, त्यातलं मी अर्धं परत डब्यात टाकलं.

खोपीच्या दारात बसून मी जेवले. या वेळी घास गिळला. कोंब गोडसर होते, थोडे कडसर, आणि अंड्याचं पिवळं भाकरीला लागलं की फार छान लागत होतं. मला वाटलं होतं साहेबाची भाजी म्हणजे काहीतरी फिकं असेल. ती चांगली होती. त्यानं वाळू वाहिली, दिराची बोलणी खाल्ली, ते सगळं एका खरंच चांगल्या गोष्टीसाठी होतं आणि त्याला ते कधी कळलं नाही. मला रडू फुटलं. तो गेला तेव्हाही मी अशी मोठ्यानं रडले नव्हते.

चौकीदार काठी टेकत आला. "काहून रडून राह्यली वो?"

"भाजी चांगली झाली," मी म्हटलं.

तो फाटकाकडे परत गेला.

पावसाळ्यानंतर बंगला एका व्यापाऱ्यानं घेतला. त्याला आवार गाड्या लावायला हवं होतं. विहिरीजवळची जमीन सपाट केली, वाफा त्यात गेला. मी बघायला थांबले नाही. माझा भाऊ गाडी घेऊन आला होता, त्याच्याबरोबर बार्शीटाकळीला आले ती इथलीच झाले.

भावाचं घर भरलेलं. मोठ्या पातेल्यात भाजी, टोपलीभर भाकरी, पुरुषांची पंगत, मग पोरांची. पहिल्या काही दिवसांत मी कोपऱ्यात माझं ताट वेगळं घेऊन बसायची. वहिनीनं ते दोन-चारदा बघितलं. एक दिवस ती स्वतःचं ताट घेऊन माझ्यासमोर येऊन बसली आणि म्हणाली, "सरक जरा, बाई." मी सरकले.