खोलीचं खोलीत

माझ्या ग्लासाला लाल टेप लावली होती.

सहा ग्लास होते. सगळे एकाच सेटमधले, स्टीलचे, मीच बाजारातून आणलेले. पाच फ्रिजवर उपडे घातलेले. सहावा खिडकीच्या कट्ट्यावर, एकटा. त्याच्या भोवती वायरीला गुंडाळतात ती टेप, दोन वेढे, कडा नीट कापून चिकटवलेली. टेपही माझीच. माझ्या टूलबॅगेतला रोल. मी एसी आणि वॉटर कूलरचा मेकॅनिक. त्या दिवशी एका गच्चीवर उन्हात कॉम्प्रेसर बदलून आलो होतो आणि घशाला कोरड पडली होती.

"हा ग्लास कुणाचा?" मी विचारलं.

संपत कांदा चिरत होता. बाकीचे तिघे टीव्हीकडं बघत होते, आणि टीव्ही बंद होता. तात्या खाटेवर पाय चोळत बसला होता. तोच बोलला.

"तुझा. आता तोच वापरत जा. उगाच घोळ नको."

मी पाणी प्यालो. त्याच ग्लासानं. हे मी लपवणार नाही. अकरा दिवस मी त्या लाल टेपच्या ग्लासानं पाणी प्यालो.

शहाण्णव साल असेल. आखातात, अल ऐनच्या सनाइयात, म्हणजे तिथल्या कारखान्यांच्या भागात, आमच्या कंपनीचा कामगारांचा कॅम्प होता. खोलीत सहा मराठी माणसं. तात्या सुतारकामाचा फोरमन, सगळ्यात जुना, खोलीचा कारभारी. मी तेव्हा त्याला अहो-जाहो करायचो. आता करत नाही. संपत माझ्याबरोबर आयटीआयला होता. एकाच एजंटाकडून, एकाच विमानानं आम्ही आलो. दोन वर्षं एका ताटात जेवलो.

मग माझ्या बहिणीच्या लग्नाची पत्रिका पोस्टानं आली. मी ड्यूटीवर होतो. कुणीतरी पाकीट फोडलं. आडनाव आमचं असं की दोन्हीकडं चालतं, म्हणून तोवर कुणी विचारलं नव्हतं. पण पत्रिकेच्या डोक्यावर गणपती नव्हता. तिथं बुद्ध होते आणि शेजारी निळ्या कोटातला तो फोटो, जो आमच्या घरी भिंतीवर असतो. तेवढं बस झालं. बहिणीच्या लग्नाला मला जाता येणार नव्हतं. ती पत्रिकाच काय ती माझ्या हातात यायची होती. ती आली तेव्हा तिच्यावर कांद्याचे डाग होते.

गंमत बघा. खोलीतला कूलर मी भंगारातून आणून दुरुस्त केलेला. त्यातलं थंड पाणी पाचही जण प्यायचे. माझ्या हातानं थंड केलेलं पाणी चालत होतं. माझ्या तोंडाला लागलेला ग्लास चालत नव्हता. फ्रिज बिघडला की हाक मलाच.

पाचव्या दिवशी मी तात्याला म्हणालो, "तात्या, हे बरं नाही. मी कंपनीत सांगेन."

तो हसला. "कंपनीचा काय संबंध? खोलीचं खोलीत. बाहेरच्यांनी आपल्यात पडायचं काम नाही."

तरी मी कॅम्प बॉसकडं गेलो. केरळचा माणूस, वाईट नव्हता. त्यानं सगळं ऐकलं, पेनचं टोपण काढलं, परत लावलं.

"देखो भाई, ये तुम लोगों का अंदर का मामला है. रूम का रूम में देखो. कंपनी इसमें नहीं आती."

तात्याचंच वाक्य. फक्त हिंदीत.

मी बाहेर येऊन कॅम्पच्या भिंतीला टेकून उभा राहिलो. आमच्या देशात ह्याच्याविरुद्ध कायदा आहे, हे मला शाळेपासून पाठ होतं. तो कायदा विमानतळावर राहिला. ग्लास वेगळा करायची अक्कल मात्र ह्यांच्या सामानातून बिनबोभाट आली. मला रडू आलं, आणि रडू आल्याचा राग आला.

त्याच आठवड्यात मला एका शाळेत कामाला पाठवलं. अमेरिकन पद्धतीची शाळा, मुलं सगळ्या देशांची, आपलीही. नववी-दहावीच्या एका वर्गाचा एसी टपटपत होता. मास्तर काळा, उंच, चाळिशी ओलांडलेला, अमेरिकेच्या दक्षिणेकडचा. वर्ग चालू असतानाच त्यानं मला काम करायला सांगितलं. मी स्टुलावर चढलो, कव्हर उघडलं आणि समोरच्या भिंतीवर मला ते चित्र दिसलं.

जुना काळा-पांढरा फोटो. भिंतीला दोन पाण्याचे नळ. एक मोठा, कूलरचा, उंच. त्यावर पाटी, गोऱ्यांसाठी. शेजारी एक छोटं, खाली बसवलेलं बेसिन. त्यावर पाटी, काळ्यांसाठी. एक काळा माणूस वाकून त्या बेसिनमधून पाणी पितो आहे.

माझे हात थांबले. वर्ग सुटेपर्यंत मी ड्रेन पाइप साफ करायचं नाटक करत राहिलो. मग खाली उतरलो, चित्राजवळ गेलो आणि माझ्या साइटवरच्या इंग्रजीत म्हणालो, "सर, सेम लाइन."

"व्हॉट?"

मी बोट ठेवलं. मोठ्या कूलरच्या खालून एक पाइप निघून सरळ त्या बेसिनला गेला होता. मेकॅनिकला ते आधी दिसतं. "वन पाइप, सर. सेम वॉटर. ओन्ली धिस वन नो चिलिंग."

मास्तरनं जवळ येऊन त्या पाइपावरून बोट फिरवलं. मग म्हणाला, वीस वर्षं हे चित्र मुलांना दाखवतो आहे, पाइप आजवर कुणी दाखवला नव्हता. त्यानं मला बसायला खुर्ची दिली. मी विचारलं, "सर, गव्हर्मेंट कुठं होतं? बिग गव्हर्मेंट?"

पुढचे चार दिवस मी शाळेतल्या कूलरांची कामं करत होतो. मधल्या सुट्टीत मास्तर मला सांगायचा, सोप्या इंग्रजीत, फळ्यावर चौकोन काढून. बराचसा इतिहास मी तिथंच शिकलो.

अमेरिकेच्या लोकांनी इंग्रजांच्या राजाला हाकललं, म्हणून वरच्या सरकारचा त्यांना धसका होता. वरच्या सरकारला मोजकीच कामं दिली. लढाई, टपाल, नाणी असली. बाकी सगळं राज्यांचं. गुलाम ठेवायचे की नाही, तेही राज्यांचं. दक्षिणेची राज्यं म्हणायची, वॉशिंग्टननं, म्हणजे वरच्या सरकारनं, आमच्यात पडायचं काम नाही.

"खोलीचं खोलीत," मी मराठीत बोलून गेलो. मास्तरनं अर्थ विचारला. मी त्याला ग्लासाचं सांगितलं. पहिल्यांदाच कुणाला तरी सगळं सांगितलं. त्यानं फळ्यावर तिसरा चौकोन काढला.

गुलाम पळून उत्तरेला जायचे, तिथं गुलामी बंद होती. तेव्हा ह्याच दक्षिणेच्या राज्यांनी वॉशिंग्टनकडून कायदा करून घेतला. पळालेल्याला कुठंही पकडा, परत आणा, उत्तरेच्या लोकांनाही त्या कामाला लावा. म्हणजे गुलाम ठेवताना वरचं सरकार नको. गुलाम पकडताना तेच सरकार पाहिजे. मला हसू फुटलं, कडू. ज्याचा पासपोर्ट कंपनीच्या कपाटात कुलूपबंद असतो, त्याला हे जास्त सांगावं लागत नाही.

मग उत्तर-दक्षिण युद्ध. मग वरचं सरकार मोठं झालं. गुलामी खलास, सगळे नागरिक सारखे, मत सगळ्या पुरुषांना, असं घटनेत लिहिलं. दक्षिणेत सैन्य बसवलं. काळी माणसं निवडून आली, सभागृहात बसली. मी म्हणालो, "मग झालं की, सर."

"बारा वर्षं टिकलं," मास्तर म्हणाला. पुढाऱ्यांनी आपसात सौदा केला आणि सैन्य परत बोलावलं. घटना जागेवरच होती, एक अक्षर खोडलं नव्हतं. फक्त ती लागू करणारं कुणी उरलं नाही. मग कोर्टानंही सांगितलं, वेगळं ठेवा, सारखं असलं म्हणजे झालं. आणि हे दोन नळ आले. मास्तरच्या लहानपणापर्यंत ते होते. तो स्वतः त्या बेसिनचं पाणी प्यालेला.

लोक कोर्टात गेले, रस्त्यावर बसले, मार खाल्ला, तुरुंगात गेले. तेव्हा कुठं वरचं सरकार पुन्हा हाललं. काळ्या पोरांना गोऱ्यांच्या शाळेत न्यायला सैनिक आले, बंदुकांसह. वेगळे नळ बंद करायचा कायदा झाला. पाट्या उतरल्या.

"बेसिन?" मी विचारलं.

"बेसिन राहिलं. ते काढा, असं कायद्यात नव्हतं." त्याची आई पाटी उतरल्यावरही दोन वर्षं त्या बेसिनकडंच जायची. पाय आपोआप तिकडं वळायचे. मग एक दिवस तिनं मास्तरचा हात धरला आणि मोठ्या नळाला तोंड लावलं. ज्याच्या दुकानात ते नळ होते तो दुकानदार बघत होता. ती पोट भरेपर्यंत प्यायली. तो दुकानदार तिच्याशी पुढं कधी बोलला नाही, आणि तिनंही त्याची पर्वा केली नाही.

कायदा नसता तर तिला पोलिसांनी नेलं असतं, हे मास्तरनं दोनदा सांगितलं. कायदा लागतोच. पण कायदा आल्यावरही ती दोन वर्षं तहानेली होती, हेही त्यानंच सांगितलं.

शाळेतलं काम संपलं तो गुरुवार होता. दुसऱ्या दिवशी शुक्रवार, सुट्टी, सगळे खोलीत. जेवणं झाली. मी खिडकीतला ग्लास उचलला आणि खोलीच्या मध्ये बसलो. टेप सोलली. चिकट गोंद राहिला, तो थिनरनं पुसला, साबणानं धुतला. मग फ्रिजवरचे पाचही ग्लास उतरवले आणि सहाही बादलीत टाकून हलवले. चांगले खळखळून. मग एक एक करून फ्रिजवर उपडे ठेवले.

"आता ओळखा," मी म्हणालो.

सगळे एकाच सेटमधले. मलाही ओळखता आला नसता. मी एक घेतला, कूलर उघडला, प्यालो आणि परत त्यांच्यात ठेवला.

तात्या उठला. "माजलास तू. इथं कोण तुला विचारतं?"

"कुणी नाही विचारत. म्हणून तर."

त्याला तहान लागली असणार. तो ग्लासांकडं बघायचा आणि मागं फिरायचा. शेवटी चपला घालून बाहेर पडला. मी दारात उभा होतो. कॅम्पसमोर मशिदीच्या भिंतीला सबील आहे, म्हणजे कुणीतरी पुण्यासाठी बसवलेला थंड पाण्याचा नळ. त्याला साखळीनं बांधलेला एकच पेला. पठाण त्यानं पितो, बंगाली पितो, रस्ता झाडणारा पितो. तो कूलर बिघडला की मीच दुरुस्त करतो, आणि दुरुस्त झाला की पहिला पेला मीच पितो. तात्यानं तो पेला भरला आणि घटाघटा प्यायला. दोन पेले.

मी दारातून ओरडलो नाही. बघत राहिलो. त्यानं मला बघताना बघितलं.

संध्याकाळच्या आत तो कॅम्प बॉसकडं गेला. कंपनीचा काय संबंध, म्हणणारा तात्या. ह्याला खोलीतून काढा, म्हणून सांगायला गेला. पळालेल्याला पकडायच्या वेळी वॉशिंग्टन आठवतं, तसंच.

कॅम्प बॉसनं मला बोलावलं. तात्या शेजारी उभा.

"झगडा नहीं चाहिए. तुमको सी ब्लॉक में बेड देता हूँ. यल्ला, चलो, सामान उठाओ."

मी म्हणालो, "किसलिए निकालते हो, वो लिखके दो."

"क्या लिखूँ?"

"ग्लास वाला. मेरे ग्लास का पानी ये लोग नहीं पीते, इसलिए मुझे निकाला. कंपनी के कागज पे लिखो, सही करो. मैं अभी उठाता हूँ सामान."

त्यानं पेनचं टोपण काढलं. तात्याकडं बघितलं. तात्या जमिनीकडं बघत होता. टोपण परत लागलं.

"जाओ, अपने रूम में जाओ," तो म्हणाला.

दोघांपैकी कुणीच ते लिहायला तयार नव्हतं. जे करायला लाज नव्हती, ते लिहायची लाज होती.

तात्यानं नंतर प्लास्टिकची बाटली आणली, तिच्यावर स्वतःचं नाव लिहिलं. लिहू दे. संपतनं चौथ्या दिवशी फ्रिजवरचा एक ग्लास घेतला, कुठला ते न बघता, आणि पाणी प्याला. माझ्याकडं बघितलं नाही. टेप कापली तेव्हा कात्री त्याच्याच हातात होती, ते मला माहीत आहे. मी त्याला माफ केलेलं नाही.

मी त्या खोलीत आणखी पाच वर्षं राहिलो. चांगल्या खोल्या मिळत होत्या. गेलो नाही. बहिणीची पत्रिका खाटेच्या वर भिंतीला लावली, कांद्याच्या डागांसकट, बुद्ध आणि निळा कोट सगळ्यांना दिसेल अशी.

मास्तरची आई दोन वर्षं थांबली. मी अकरा दिवस. माझी मुलगी एक दिवससुद्धा थांबणार नाही, ते मी बघेन. वरून कायदा आला तर घेईन, त्याच्यासाठी भांडेन, आला की तो लागू करा म्हणून दारात बसेन. परत नेला तर परत आणायला लावेन. पण त्याची वाट बघत तहानेला बसणार नाही.

पाइप एकच आहे. मी बघितलाय. पाणी मी मोठ्या नळाचंच पिणार.