अक्कांच्या नावाचा परवाना

आमच्या समोरच्या अक्कांनी उभ्या आयुष्यात एकदाही कुणाला "हो, मीच ती" असं सांगितलं नाही. पोस्टमन दाराशी येऊन "सरस्वतीबाई?" असं विचारायचा, तेव्हा त्या चौकटीला दोन्ही हात टेकून त्यालाच विचारत, "तिच्याकडे काय काम आहे?" रजिस्टर पत्र आहे, सही हवी, असं तो म्हणाला की अक्का कागद ओढून घेत आणि ठळक अक्षरात 'शेवंती' अशी सही ठोकून देत. पोस्टमन नवा असला तर तो आधी कागदाकडे, मग अक्कांकडे आणि शेवटी माडीवरच्या आमच्या खिडकीकडे बघायचा. मी वरूनच मान डोलवायची. जुना असला तर तो निमूट सायकलवर टांग टाकायचा, कारण या घरात प्रश्न विचारणाऱ्याला अर्धा तास उभं राहून उत्तर ऐकावं लागतं हे त्याला ठाऊक असायचं.

बंगळुरातल्या बळेपेटेतली ही आमची गल्ली. तीनशे वर्षांपूर्वी इथे आलेली पाच-सहा मराठी घरं तिथे एकमेकांना चिकटून होती. आम्ही घरात मराठी बोलायचो आणि त्यात कन्नड कधी मिसळायचं ते आमचं आम्हालाच कळायचं नाही. अक्का मात्र बाहेरच्या, गोव्यातल्या काणकोणजवळच्या एका खेड्यातल्या. बाराव्या वर्षी लग्न होऊन त्या या गल्लीत आल्या. लग्नात नवरीचं नाव बदलायची आपली रीत. तांदळाच्या ताटात नवऱ्यामुलानं अंगठीनं नवं नाव लिहायचं आणि सगळ्यांनी पेढे खायचे. अक्कांच्या सासरी तर थोरल्या सुनेचं नाव पिढ्यान्‌पिढ्या सरस्वतीच असायचं. सरस्वती ही त्या घरातली एक जागाच होती म्हणा ना, रिकामी झाली की भरायची. अक्कांच्या सासूबाईही सरस्वतीच. अक्कांनी त्या घरातलं सगळं स्वीकारलं, सासूचं तीन वर्षांचं आजारपण काढलं, सणवार केले, मूलबाळ नाही म्हणून चार जणींची बोलणी खाल्ली. पण त्या नावाला त्यांनी कधी ओ दिली नाही. सासू हाक मारून मारून थकली आणि शेवटी "अगो" म्हणायला लागली. यजमान, ज्यांना सगळी गल्ली राव म्हणायची, ते तर पहिल्या दिवसापासून नुसतं खाकरत.

गल्लीत अक्कांना नावानं हाक मारणारी एकच बाई होती आणि तिला त्याचा पत्ताही नव्हता. कोरमंगला तेव्हा गावाबाहेरचं खेडं होतं, तिथल्या मळ्यांतून एक फुलवाली डोक्यावर टोपली घेऊन चालत यायची. गल्लीच्या तोंडाशी आली की ती "सेवंतिगे", म्हणजे कन्नडमधली शेवंती, म्हणून लांब सूर लावायची, आणि अक्का स्वयंपाकघरातून मोठ्यानं "ओ" द्यायच्या. मग बाहेर येऊन कोपरापासून बोटांपर्यंत मोजून एक मोळ माळ घ्यायच्या. गजरा केसात घालायचं त्यांचं वय उलटून गेलं होतं असं माझ्या आईचं मत होतं. अक्कांनी ते कधी विचारलं नव्हतं.

सरकारचं आणि त्यांचं पहिल्यापासूनच बिनसलेलं. पहिल्या निवडणुकीच्या वेळी मतदारयादीवाला आला आणि नाव न विचारताच 'रावांची पत्नी' असं लिहायला लागला. अक्कांनी त्याच्या हातातली पेन्सिल काढून घेतली. मी काय रावांची छत्री आहे का, असं त्यांनी त्याला कन्नडमध्ये विचारलं. बिचारा ओशाळला, नवीन पान काढून म्हणाला, सरी अम्मा, बरं, तुमचं नाव सांगा आणि यजमानांचं सांगा. आता यजमानांचं नाव घ्यायचं म्हणजे पंचाईत, कारण ते अक्का घेत नसत. स्वतःचं नाव सोडायचं नाही आणि नवऱ्याचं घ्यायचं नाही, या दोन नेमांत सापडलेला तो माणूस कपाळ पुसत निघून गेला. यादी छापून आली तेव्हा त्या घरात एकटे रावच मतदार होते. मतदानाच्या दिवशी अक्का तरीही नवं लुगडं नेसून रांगेत उभ्या राहिल्या आणि टेबलावरच्या साहेबाला चार शब्द सुनावूनच परतल्या.

हे सगळं हसण्यावारी जात होतं तोवर ठीक होतं. लग्नानंतर दरवर्षी उन्हाळ्यात अक्का आगगाडीनं माहेरी जात. गोव्यात पोर्तुगीज असले तरी गाडीला त्याचं काही नसे. पुढे दोन्ही सरकारांचं फाटलं, गाडी बंद झाली, येणंजाणं थांबलं. तीन-चार वर्षं अक्कांना माहेरची वाटसुद्धा दिसली नाही. मग परवाना घेऊन पायी नाका ओलांडता येतो असं कळलं, आणि त्याच सुमाराला भावाचं पत्र आलं. आईला आता बसवून जेवू घालावं लागतं, ती रोज शेवंती कधी येणार म्हणून विचारते, जमेल तितक्या लवकर ये, फार दिवस हातात आहेत असं वाटत नाही. पत्र मीच वाचून दाखवलं. अक्कांनी ते घडी करून कमरेला खोचलं आणि म्हणाल्या, "चल, अर्ज लिही."

मी नुकतीच इंटर पास झाले होते. रावांचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं होतं, पण रेशनकार्डाचा अर्ज त्यांनी भरला आणि त्यावर सरस्वती लिहिलं, तेव्हापासून अक्कांनी त्यांच्या हाती अर्ज दिला नव्हता. आम्ही दोघींनी बिस्किटाचा जुना डबा जमिनीवर उपडा केला. अक्का कोण आहेत हे सांगणारा कागद त्यातून निवडायचा होता. देवी टोचल्याचा दाखला होता, त्यावर नावाच्या जागी डाग पडला होता. शाळेचा दाखला नव्हता, कारण शाळाच नव्हती. रावांच्या नोकरीतला रेल्वेचा जुना पास होता, त्यावर 'व पत्नी' एवढंच. फोटो काढवला, तर फोटोवाला म्हणाला जरा हसा. हसायला मी काय नवरी आहे, असं म्हणून अक्कांनी असा चेहरा केला की त्या फोटोवर कुठल्याही सरकारनं परवाना देताना दोनदा विचार केला असता. उरलं ते रेशनकार्ड.

कचेरीतला कारकून सज्जन होता. त्यानं एका हातात रेशनकार्ड धरलं, दुसऱ्या हातात गोव्याहून आलेला भावाचा दाखला, तिथल्या गावकामगाराच्या शिक्क्याचा. इकडे सरस्वती, तिकडे शेवंती. तो म्हणाला की हा परवाना सरस्वतीबाईंना मिळेल, पण त्यांचं तिकडे कुणी नाही. शेवंतीबाईंचं तिकडे सगळं आहे, पण त्या इकडे राहत नाहीत. सोपा उपाय असा, की आईकडून नवा दाखला मागवा, त्यात सरस्वती लिहून आणा. अक्का उठल्या. पत्र रावांनीच गुपचूप पाठवलं. तीन आठवड्यांनी उत्तर आलं, भावाच्या अक्षरात, पण शब्द म्हातारीचे. ते मला अजून पाठ आहे. "सरस्वती नावाच्या कुणालाही मी जन्म दिलेला नाही. त्या बाईंना भेटायची मला घाई नाही. माझ्या शेवंतीला पाठवा."

हे वाचून राव डोक्याला हात लावून बसले आणि अक्का इतक्या खूष झाल्या की त्यांनी शेवयांची खीर केली. पण खीर वाढून होताच त्यांनी पत्रावरची तारीख मला पुन्हा वाचायला लावली. म्हातारी हटून बसली होती, लेक हटून बसली होती, आणि दिवस मात्र दोघींसाठी थांबणार नव्हते. त्या संध्याकाळी त्या आमच्या माडीवर आल्या आणि प्रथमच हळू आवाजात म्हणाल्या, "सरस्वती म्हणून गेले नि तिनं ओळखच दिली नाही तर?"

कारकुनानंच मग दुसरी वाट सांगितली. कोर्टात प्रतिज्ञालेख करायचा, की या दोन्ही बायका एकच आहेत. कोर्टाबाहेर झाडाखाली टंकयंत्र मांडून बसलेल्या माणसानं दोन मिनिटांत कागद वाजवून काढला. अक्कांनी मला वाचायला लावलं. 'सरस्वती उर्फ शेवंती' इथे मी पोचले आणि त्या कडाडल्या. उर्फ चोरांना लावतात, म्हणाल्या. पेपरात बघ, अमुक उर्फ तमुक यास पोलिसांनी पकडले. मी कुणाचं घर फोडलंय? टंकवाला म्हणाला, अम्मा, कायद्यात याला दुसरा शब्द नाही. मग कायद्याला सांग शोधायला, असं म्हणून अक्का त्याच्या स्टुलावर ठाण मांडून बसल्या. मागे माणसांची रांग लागली. तासाभरानं त्यानं नवा कागद चढवला आणि अक्कांच्या सांगण्याप्रमाणे लिहिलं: शेवंती, जिला सासरी सरस्वती असे लिहितात.

मॅजिस्ट्रेटसाहेब वयस्क होते. त्यांनी कागद दोनदा वाचला, चष्मा काढला आणि विचारलं, लग्नाआधी या बाईंना शेवंती म्हणून पाहिलेलं कुणी बंगळुरात आहे का? अक्कांनी माझ्याकडे पाहिलं, मी जमिनीकडे. वऱ्हाडात गेलेली सगळी माणसं केव्हाच वर गेली होती. त्यांच्याशिवाय साक्षीदार म्हणजे काणकोणातच, आणि काणकोणात जायला परवाना हवा. तेवढ्यात मागच्या बाकावरून खाकरल्याचा आवाज आला आणि राव उठून पुढे आले.

"मी पाहिलं आहे," राव म्हणाले. "अंतरपाट निघाला तेव्हा ही शेवंती होती. अर्ध्या तासानं ताटात सरस्वती मी लिहिलं. वडिलांनी सांगितलं म्हणून लिहिलं. हिला विचारलं नव्हतं."

साहेबांनी तेव्हाचं वय विचारलं. हिचं बारा, माझं अठरा, असं राव म्हणाले. मग कुणी विचारलं नसताना पुढे म्हणाले, "ही खूप रडली होती. मला वाटलं, घर सोडलं म्हणून रडते." साहेबांनी चष्मा चढवला आणि सही केली. बाहेर आल्यावर अक्का रावांवर तणतणल्या, एवढं सगळं परक्यापुढे उघडं करायची काय गरज होती म्हणून. पण एरवी त्या रावांच्या दहा पावलं पुढे चालत, त्या दिवशी बळेपेटेपर्यंत शेजारून चालल्या. मी मागे राहिले. चाळीस वर्षांत झालं नाही ते माझ्या अर्जांमुळे झालं असा मला फार अभिमान वाटत होता.

परवाना शेवंतीच्या नावानं आला. अक्का कारवारला गेल्या, काळी नदी नावेनं ओलांडली, माजाळी गावाच्या पलीकडे सरहद्दीच्या नाक्यावर रांगेत उभ्या राहिल्या. तिथल्या शिपायानं परवाना न बघताच शिक्का मारला आणि पुढे चला म्हणून हात केला. कुणीही सुटकेचा श्वास टाकला असता. अक्का जागच्या हलल्या नाहीत. एवढा झगडून आणलेला कागद न वाचता सोडणार काय, वाच म्हटलं, मोठ्यानं वाच. मागच्या लोकांनी विनवण्या केल्या तेव्हा कुठे त्यानं अडखळत नाव वाचलं आणि अक्का गोव्यात शिरल्या. हे त्यांनी स्वतःच मला अभिमानानं सांगितलं. आईबद्दल मात्र फार काही सांगितलं नाही. "तिला दिसत नव्हतं. माझा चेहरा हातांनी चाचपला नि हाक मारली. मी ओ दिली," एवढंच म्हणाल्या आणि तांदूळ निवडायला लागल्या. म्हातारी त्यानंतर दीड महिना होती. सगळे दिवस अक्का तिच्याजवळ होत्या.

दोन-तीन वर्षांनी गोवा मोकळा झाला, परवाने गेले. गल्लीत पेढे वाटले. अक्कांनीही खाल्ला, पण आता कुणीही ऐरागैरा उठून नाव न सांगता जाणार, याचं त्यांना जरा वाईटच वाटलं. परवाना त्यांनी चौकटीत घालून देवघराशेजारी टांगला. पाहुणा आला की त्याला आधी तो वाचावा लागे, मग कॉफी मिळे.

माझं लग्न होऊन मी मल्लेश्वरमला गेले तरी येणंजाणं राहिलं. अक्का गेल्या तेव्हा निरोप मिळताच मी आले. ओसरीवर माणसं जमली होती, गुरुजी दर्भ मांडत होते. बाहेर फुलवालीची हाक आली आणि गल्लीतून कुणीतरी पुढे होऊन तिला गप्प केलं. गुरुजींनी रावांना गोत्र विचारलं, मग नाव विचारलं. राव म्हणाले, "शेवंती." गुरुजी घरचेच, सगळी कार्यं त्यांनीच केलेली. ते घुटमळले आणि समजावणीच्या सुरात म्हणाले, कुळात तर सरस्वती नाव आहे, तेव्हा सरस्वती उर्फ शेवंती म्हणू या का?

"उर्फ नाही," राव म्हणाले.

एवढ्या ठाम आवाजात बोलताना मी त्यांना दुसऱ्यांदाच ऐकत होते. पहिल्या वेळी, कोर्टात, अक्का शेजारी उभ्या होत्या.