पाचांतले तीन डबे

मंगळवारी दुपारी मनीमाजऱ्याच्या फाटकाजवळ ट्रकनं माझ्या भावाच्या स्कूटरला धडक दिली. संध्याकाळी तो गेला. त्याच्या सिनेमाच्या रिळांचे पाच डबे आमच्या फ्रिजमध्ये होते.

तो कॅमेरामन होता. बाबांची बदली चंदीगडला झाली तेव्हा शाळेत होता. पुढे पुण्याला जाऊन काम शिकला, आणि बरोबरीचे सगळे मुंबईला गेले असताना हा घरी परतला. सेक्टर बावीसमधल्या दोन मित्रांबरोबर त्याला स्वतःचा सिनेमा करायचा होता. तोवर लग्नांची शूटिंगं. बाबा म्हणायचे, "दोन वर्षं पुण्यात काढलीस, ती नवरीच्या मामाला टिपायला?"

"मामाजी का भी क्लोज़-अप बनता है, बाबा," तो हसून म्हणायचा. मराठी त्याला समजे सगळं, उत्तर मात्र हिंदीत.

सहा वर्षांनी सिनेमा सुरू झाला. मनीमाजऱ्यातल्या एका टांगेवाल्याची गोष्ट होती. धुक्यातली दृश्यं घेऊन झाली होती. सगळी रिळं लॅबमध्ये एकदमच धुवायची, म्हणजे छटा सारखी येते, असं त्याचं म्हणणं. ऊन तापू लागलं तसे डबे फ्रिजमध्ये आले. आई कुरकुरत कोथिंबीर बाजूला सरकवायची. मला त्यानं बजावलं होतं, "ताई, उजाले में खोला तो ख़त्म. पूरा काम गया."

तेरावा झाल्यावर मित्र आले. डबे रेल्वेनं मुंबईच्या लॅबला पाठवायला हवे होते. "पार्सल मी करतो," बाबा म्हणाले. तेरा दिवसांत ते पहिल्यांदाच आपणहून काही बोलले.

बाबांनी नोकरीची सगळी वर्षं ऑडिटमध्ये काढली. पाहिल्याशिवाय सही करायची नाही. सगळं पाहणं शक्य नसेल तर पाचांतले तीन तरी तपासायचे. रेल्वेच्या फॉर्मवर आत काय आहे ते लिहून सही करायची होती.

मी चहा घेऊन व्हरांड्यात आले तेव्हा सकाळचं ऊन टेबलावर होतं. दोन डबे उघडे होते. आतल्या काळ्या पिशव्याही. हातभर फिल्म उलगडून बाबा ती उजेडात धरून बघत होते.

"अगं, यात काहीच दिसत नाही."

मग त्यांनी तिसरा डबा ओढला.

पहिले दोन वाचवणं माझ्या हातात नव्हतं. तिसरा वाचवणं होतं. 'बाबा, थांबा' एवढंच म्हणायचं होतं. पण मग पहिल्या दोनांचं काय झालं तेही सांगावं लागलं असतं. मी कप ठेवला. त्यांनी तिसरा उघडला, पाहिला, नीट बंद केला. चिकटपट्टीचं टोक मी धरलं. त्यांनी सही केली.

महिन्याभरानं लॅबचं पत्र आलं: तीन रिळं उजेड लागून काळी, निकामी.

"गाडीत ऊन लागलं असेल का गं?" बाबांनी विचारलं.

"हो, तसंच असेल."

तीच दृश्यं पुन्हा घेणारा कुणी नव्हता. सिनेमा थांबला. एक मित्र बँकेत लागला, दुसरा दिल्लीला गेला. बाबांनी पुन्हा कधी विचारलं नाही, आणि ते गेले तोवर मीही सांगितलं नाही.

आता माझ्याकडे दोन रिळं आहेत, मिळून वीसेक मिनिटांची. त्यांत टांगा आहे, घोडा आहे, धुकं आहे. आवाज नाही. घरात प्रोजेक्टर नाही.