हिम झाडणाऱ्याची लेक

डेर्क बोल्हाउसला हिम डोळ्यांसमोर नको असायचं. त्याला हवा असायचा बर्फ. या दोहोंतला फरक डोलवेर्ड या सपाट, समुद्राकाठच्या गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. बर्फ म्हणजे पाणी गोठून होतो तो, काळा, टणक, स्केट्स चढवून सुसाट जाण्याजोगा. हिम म्हणजे वरून भुरभुरतं ते. ते बर्फावर साचलं की गोधडीसारखी ऊब धरतं आणि खालचा बर्फ नासवतं. डेर्क गावाचा बर्फमास्तर होता. नोव्हेंबर लागला की गावामागच्या कुरणात पाणी सोडायचं, थंडीची वाट बघायची, आणि पाणी धरलं, म्हणजे गोठून टणक झालं, की रुंद झाडू घेऊन त्यावरचं हिम झाडत राहायचं. बापानं हेच केलं, आज्यानंही हेच.

आणि अशा माणसाची लेक, आफके, हिमावरून घसरण्यात जगात पहिली आली.

शेजारचा पॉप्के बोलायचा तो जिभेखाली उकडलेला बटाटा धरल्यासारखा, शब्दांची शेपटं गिळत. "बाप जल्मभर हिम झाड्तो, न् पोर्गी त्याच हिमासाटी देश सोड्ते. डेर्का, झाडून झाडून तूच तिला आल्प्सपत्तोर ढकललीस, दुस्रं काय!"

तसं डोलवेर्डच्या पोरीनं उतारावरून घसरायचं कारणच नव्हतं. गावात उंच म्हणावं असं एकच, समुद्राचा बांध, आणि त्यावर मेंढ्या चढतात. पण शहराजवळ एक टेकाड होतं. शहरानं वर्षानुवर्षं टाकलेला कचरा, त्यावर माती, आणि मातीवर प्लास्टिकच्या ब्रशाची चटई. लोक त्यावर घसरायचे, पडले की सालटं काढून घ्यायचे, आणि पाऊस पडला की नाकाला रुमाल लावायचे. अकरा वर्षांची आफके तिथं मैत्रिणीच्या वाढदिवसाला गेली आणि दोन्ही कोपरं सोलून, फुललेला चेहरा घेऊन घरी आली.

"पा, मला आडवं जाता येतं!"

डेर्क स्केटच्या पात्यांना धार लावत होता. "आडवं म्हणजे?"

"दोन्ही पाय एका फळीवर. आडवे. आणि बघायचं असं, खांद्यावरून."

"जायचं एकीकडं, छाती दुसरीकडं?"

"हो!"

"खेकडा जातो तसं."

"पा, खेकड्याला वळता येत नाही!"

आई हेनी चुलीपाशी हसली. "पोर आडव्यात शिरली डेर्क. आता नाही निघायची."

आणि नाहीच निघाली. दर शनिवारी डेर्क तिला बीट वाहायच्या गाडीतून टेकाडावर न्यायचा. ती पडायची, तो गाडीत बसून वर्तमानपत्र वाचल्यासारखं करायचा. बीटाचा वास, कचऱ्याचा वास, आणि आफकेच्या कोपरांना लावलेल्या मलमाचा वास. एप्रिल ते ऑक्टोबर त्यानं एकही शनिवार चुकवला नाही. हिवाळा आला की मात्र तिला नेणं हेनीकडं.

"समजा धरलं तर?" डेर्क म्हणायचा. धरलं म्हणजे कुरणातलं पाणी. पाणी धरलं आणि बर्फमास्तर गावात नाही, असं डोलवेर्डमध्ये कधी झालेलं नव्हतं.

तिच्या शर्यती मात्र सगळ्या हिवाळ्यातच असायच्या.

पुढं आफके आल्प्समध्ये राहायला गेली. तिथला उस्ताद होता लोइस, तिरोलचा. त्याचं प्रत्येक वाक्य रोपवेच्या पाळण्यात बसून डोंगर चढायचं आणि धाडकन खाली यायचं. "आऽऽफके! गुऽऽडघे! तू हिमाला विचारतेस काऽऽय, येऊ का बाई, येऊ का? दार लोट नि घुऽऽस!" आफके घरी फोनवर त्याची नक्कल करायची आणि हेनीच्या डोळ्यांतून पाणी यायचं. डेर्क मागं उभा राहून विचारायचा, "हिम किती आहे म्हणावं तिकडं?" आफके सांगायची, कमरेइतकं. डेर्क चुकचुकायचा, जसं कुणी सांगावं की तिकडं पटकीची साथ आहे.

डोंगरातल्या पोरींनी तिला सुरुवातीला सोलून काढली. "तुमच्या देशात सर्वांत उंच काय गं?" एकीनं विचारलं.

"माझा बाप," आफके म्हणाली.

पहिली काही वर्षं ती शेवटची यायची. मग शेवटून दुसरी. मग अधेमधे. तिचा खेळ जोडीनं उतरायचा: एकीनं लाल झेंड्यांच्या वाटेनं, दुसरीनं शेजारच्या निळ्या, आणि जी आधी खाली पोचेल ती पुढच्या फेरीत. घोट्यात खिळे पडले, एक हिवाळा कुबड्यांवर गेला. कुबड्या घेऊन ती गावी आली तेव्हा पॉप्के म्हणाला, "सपाट देशात पाय मोडाय्ला पण बाहेर जावं लागतं, काय हे!" पुढच्याच हिवाळ्यात ती परत फळीवर.

आणि मग एक दिवस जागतिक अजिंक्यपद.

गाव कुरणाकाठच्या खोपटात टीव्हीपुढं दाटीनं बसलं होतं. बाहेर कुरणात पाणी होतं, पाण्यावर बदकं होती. वाटाण्याचं सूप शिजत होतं, चमचा उभा राहील असं घट्ट. टीव्हीवरचा समालोचक आयुष्यभर सायकलींच्या शर्यती सांगत आलेला, त्याला उतारावरचं काही बोलता येईना. "आणि बोल्हाउस जाते आहे... ती... ती खाली जाते आहे... आणि ती दुसरीही खाली जाते आहे... पण बोल्हाउस जास्त खाली जाते आहे! जास्त खाली! बोल्हाउस सगळ्यात खाली!"

 मग पॉप्केनं चमचा खाली ठेवला. "याहून वाईट होऊ शकलं असतं," तो म्हणाला. डोलवेर्डमध्ये याहून मोठं कौतुक कुणी कुणाचं केलेलं नाही.

मग हस्तांदोलनं सुरू झाली. तिथं जिंकणाऱ्याचं अभिनंदन एकट्याचं नसतं. बापाचं, लेकीबद्दल. आईचं, लेकीबद्दल. पॉप्केचं, शेजारणीबद्दल. नळ दुरुस्त करायला आलेल्या परगावच्या माणसाचंही कुणी तरी अभिनंदन केलं, आणि तो "आभारी आहे, आभारी आहे" म्हणत बसला, कशाबद्दल ते न कळता. डेर्कचा हात सगळ्यांनी इतका हलवला की तो खांद्यातून दुखू लागला. त्या हाताकडं बघत तो बाहेर आला. पाण्यावर बदकं होती.

उन्हाळ्यात आफके घरी आली. कॉफीबरोबर हेनीनं एकेक बिस्किट दिलं आणि डबा बंद केला. अजिंक्य झाली म्हणून दुसरं बिस्किट मिळायचं नाही.

"पा, पुढच्या हिवाळ्यात ये ना एकदा. बघायला."

"समजा धरलं तर?"

"पा." आफकेनं कप खाली ठेवला. "शेवटचं कधी धरलं होतं?"

डेर्कनं खिडकीतून कुरणाकडं पाहिलं. हिवाळे पूर्वीसारखे राहिले नव्हते. पाणी सोडायचं, वाट बघायची, वसंतात सोडून द्यायचं, असं किती तरी वर्षं चाललेलं. तिनं ते बोचावं म्हणून म्हटलं नव्हतं, आणि म्हणूनच ते जास्त बोचलं. तिनं पुन्हा कधी विचारलं नाही. डेर्कला वाटे, विचारेल. प्रत्येक शरदात वाटे.

मग काही वर्षांनी, एका जानेवारीत, तिचा फोन आला. गुडघा आता ऐकत नव्हता. शनिवारची शर्यत शेवटची. एवढंच सांगून ती हवापाण्याचं बोलू लागली. ये म्हणाली नाही.

"येतो," डेर्क म्हणाला.



"पा, मी तुला बोलावलं नाहीये."

"माहीत आहे. येतो."

हेनीनं त्याच संध्याकाळी आगगाडीची तिकिटं काढली, त्याचा विचार बदलायच्या आत. आणि मंगळवारी वारा पूर्वेकडून वाहू लागला.

पूर्वेचा वारा म्हणजे काय ते डेर्कच्या नाकाला हवामान खात्याच्या आधी कळायचं. बुधवारी सकाळी कुरण पांढुरकं, गुरुवारी सकाळी काळं. पाणी धरलं होतं. घराघरांतून माळ्यावरचे स्केट्स उतरले. पाववाला, मास्तरीणबाई, जो तो एकच विचारी: "डेर्क, कधी उघडतोस?"

"शनिवारी उघडेल," डेर्क म्हणायचा. उघडेल म्हणायचा, उघडतो म्हणायचा नाही. ते फक्त पॉप्केनं टिपलं.

"जाणारेस व्हय तू? आज?" पॉप्के कुंपणाशी उभा. "इत्की वर्षं बस्लास पाण्याकडं बघत, न् आता धर्लंय तर चाललास?"

"ठरवलेलं नाही," डेर्क म्हणाला, आणि ते खरं होतं. सामान दाराशी बांधून ठेवलेलं, हेनी अंगात कोट चढवून आत बसलेली, आणि तो जाड बूट घालून बर्फाच्या मधोमध उभा. टाचेनं ठोकत होता. इतका नितळ बर्फ त्यानं तरुणपणीसुद्धा क्वचित पाहिला होता. त्याला सोडून जायचं म्हणजे पाळण्यातलं मूल सोडून जाण्यासारखं वाटत होतं. खिशात फोन वाजला.

"पा." आफके. "टीव्हीवर सांगतायत, उत्तरेत सगळीकडं धरलंय म्हणून."

"हो का?"

"थांब तू. खरंच थांब. मला काही वाटणार नाही."

डेर्कच्या गावात माणसं तोंडावर बोलतात. नवी टोपी वाईट दिसते तर वाईट दिसते म्हणतात. आफके तर त्यातला अर्क. आणि आता ती खोटं बोलत होती, इतक्या सफाईनं की हे खोटं तिनं आधी बरेचदा वापरलेलं असणार. दर हिवाळ्यात. दर फोनवर.

"थांबू कसा?" डेर्क म्हणाला. "मी गाडीत बसलोय."

"आत्ता?"

"आत्ता. डब्यात."

नेमक्या त्याच वेळी बर्फ गायला. थंडी वाढली की बर्फ आवळतो आणि या काठापासून त्या काठापर्यंत एक लांबलचक टणत्कार धावत जातो, तार छेडल्यासारखा. तो डेर्कच्या बुटांखालून गेला आणि बांधाच्या बाजूला विरला. त्यानं डोळे मिटून घेतले.

"पा? हा कसला आवाज?"

"गाडीचा."

आफके या आवाजाच्या शेजारी वाढलेली होती. लहानपणी खिडकीत बसून ती हाच आवाज तोंडानं काढून दाखवायची.

"बरं," ती म्हणाली. आवाज ओला झाला होता. "गाडी छान वाजतेय."

"वाईट नाही," डेर्क म्हणाला. फोन ठेवून तो काठावर आला आणि पॉप्केच्या हातात झाडू दिला. "पडलं तर लगेच झाड. साचू देऊ नको. लव्हाळ्याच्या बाजूला बर्फ पातळ आहे, तिकडं दोरी बांध. शनिवारी आधी स्वतः जा, मग पोरांना सोड."

"डेर्का, मी काय काल जल्माला आलो?"

"आणि झाडू दोन्ही हातांनी धर."

"जा बाबा! मा झालास की काय माझी!"

गाडीत खरोखर बसल्यावर डेर्क खिडकीला नाक लावून गोठलेली कुरणं बघत राहिला. हेनीनं त्याचे बूट बघितले. "बदलायचे राहिले," ती म्हणाली आणि त्याला अंड्याचा पाव दिला.

डोंगराच्या पायथ्याशी पोचल्यावर डेर्क थबकला. त्यानं मान मागं टाकली. मग आणखी मागं.

"हेनी. हे असं आहे?"

"असंच आहे."

"टीव्हीवर तर..."

टीव्हीवर सगळं सपाटच दिसतं. इतकी वर्षं तो समजत होता की पोर बांधासारख्या कुठल्या तरी तिरक्या कुरणावरून येते. इथं तर भिंत होती. भिंतीवर लाल-निळे झेंडे टोचलेले. वर, पार वर, टाचणीच्या डोक्याएवढी माणसं. डेर्कनं कुंपणाची जाळी धरली. तिनं आधी सांगितलं असतं तर तो बीटाची गाडी कधीच काढता ना.

पहिली फेरी आफके जिंकली. डेर्कनं ती बोटांच्या फटीतून पाहिली. दुसरीत ती लाल वाटेनं येत होती, खांद्यावरून बघत, बर्फाइतक्या टणक हिमात फळीची कड रोवत. आवाज मात्र त्याच्या ओळखीचा होता: स्केटचं पातं वळणावर काढतं तसाच, कर्रर्र. डेर्कनं बोटं काढली. ती पुढं होती. मग गुडघा वाकला तो सरळ झालाच नाही, आणि ती लोळत, फळीसकट, झेंडे मोडत गेली.

हेनीनं त्याची बाही घट्ट धरली. वर आफके उठली, आणि हळूहळू, एका पायावर भार देत, खाली आली. शर्यत संपली होती, सगळीच. बाकीच्या पोरींनी तिला मिठ्या मारल्या, लोइस रडत रडत "गुऽऽडघे, गुऽऽडघे" म्हणत होता. ती त्या घोळक्यातून कुंपणाशी आली.

"आलास," ती म्हणाली.

"आलो."

"आणि मी पडले."

"पाहिलं." डेर्कनं वर बोट दाखवलं.  "तिथून? रोज?"

"रोज."

"भीती नाही वाटत?"

"वाटते की. पहिल्यापासून."

"कधी बोलली नाहीस."

"तू हिम किती आहे एवढंच विचारायचास, पा."

 डेर्कच्या खिशात फोन थरथरू लागला. पॉप्के असणार, दोरी कुठं ठेवलीय विचारायला. त्यानं तो न बघताच हेनीकडं दिला आणि कुंपणालगतच्या बाकावर लेकीला जागा केली. तिचा दुखरा पाय उचलून त्यानं आपल्या मांडीवर घेतला, फळीच्या बुटासकट.

"पहिल्यापासून म्हणजे कधीपासून?" त्यानं विचारलं. "कचऱ्याच्या टेकाडापासून?"

"तिथं तर सगळ्यात जास्त!"

"मी खालीच होतो की. गाडीत."

"तू पेपर वाचत होतास!"

"उलटा धरला होता," डेर्क म्हणाला.

आफकेनं त्याच्याकडं बघितलं. मग ती इतक्या मोठ्यानं हसली की मागच्या घोळक्यानं वळून पाहिलं. हेनी सूप आणायला गेली. माणसं झेंडे उपटू लागली होती. आफके पहिल्या शर्यतीचं सांगत होती, शेवटची आली त्या, आणि डेर्क तिला मध्येच थांबवून विचारत होता, की सुरुवातीच्या फाटकात उभं राहिल्यावर हात कुठं धरायचे, आणि खाली बघायचं की नाही बघायचं.